नोकरी सोडलेल्या मास्तरांचा नांगर : लक्ष्मणराव किर्लोस्करांची गोष्ट, कंग्राळीच्या पोरांसाठी

बेळगाव परिसरातल्या इंजिनिअरिंग कॉलेजांत दर उन्हाळ्यात शेवटच्या वर्षाच्या प्रोजेक्टांची धांदल असते. कुणी पेरणीचं यंत्र करतं, कुणी भाजी सुकवायची पेटी करतं, कुणी सोलरवर चालणारा फवारणी पंप करतं. कंग्राळी बुद्रुक आणि कंग्राळी खुर्द ही शहराला खेटून असलेली गावं. इथल्या शेतकऱ्यांची बरीच पोरं आता या कॉलेजांत शिकतात, त्यामुळं शेतीच्या कामाचं काहीतरी करावं असं त्यांना मनापासून वाटतं. प्रोजेक्ट होतो, सरांना दाखवला जातो, फोटो निघतो, मार्क पडतात. मग ते यंत्र वर्कशॉपच्या कोपऱ्यात गंजत पडतं. ज्या शेतकऱ्यासाठी ते केलं, त्याच्या बांधावर ते कधी पोचतच नाही.

आता कॉलेजांत स्टार्टअपवर भाषणं होतात, स्पर्धा होतात. नवी कल्पना सुचणं ही पहिली पायरी, तिच्यातून टिकणारा धंदा उभा करणं हे खरं काम, असं पोरांना सांगितलं जातं. ते खरंच आहे. पण ते करायचं कसं, याचं उदाहरण द्यायचं म्हटलं की बोट अमेरिकेकडं किंवा बेंगळुरूकडं जातं. आपल्याच जिल्ह्यात जन्मलेला, बेळगावच्याच रस्त्यांवर धंद्याचे पहिले टक्केटोणपे खाल्लेला एक माणूस होता. तोही कॉलेजातला मास्तरच होता. किर्लोस्कर रोडवरनं आपण रोज जातो, पण लक्ष्मणराव काशिनाथ किर्लोस्कर हा माणूस नेमका कसा घडला, ते नव्या पिढीला फारसं ठाऊक नाही.

गुर्लहोसूरचा मुलगा

लक्ष्मणरावांचा जन्म २० जून १८६९ चा. गाव गुर्लहोसूर, मलप्रभेच्या काठचं, सौंदत्ती भागातलं. संगीत नाटकाचा पाया घालणारे अण्णासाहेब किर्लोस्करही याच गावचे. एकाच घराण्यातनं एकानं मराठी रंगभूमी उभी केली आणि दुसऱ्यानं मराठी कारखानदारी. घराण्याचं मूळ गाव कोकणातलं किर्लोसी, त्यावरनं आडनाव पडलं.

वडील काशिनाथपंत वेदांताच्या अभ्यासात रमणारे. मुलानं नीट शिकावं आणि सरकारी नोकरीला लागावं, ही त्या काळच्या कुठल्याही मध्यमवर्गीय घराची अपेक्षा होती. पण लक्ष्मणचं मन शाळेच्या पुस्तकात लागेना. त्याला दोनच नाद होते, चित्रं काढायची आणि कुठलीही यंत्रासारखी वस्तू दिसली की ती कशी चालते ते बघायचं. शेवटी घरच्यांचा विरोध बाजूला सारून, थोरले बंधू रामचंद्र म्हणजे रामूअण्णा यांच्या आधारानं, १८८५ साली तो मुंबईला जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये दाखल झाला.

तिथं एक अडचण निघाली. लक्ष्मणरावांना काही रंगांतला फरक नीट कळत नव्हता. रंगांधळेपणा अर्धवट होता, पण चित्रकार व्हायचं असेल तर तेवढाही पुरेसा घातक. रंगांची वाट बंद झाली. हात मात्र उत्तम चालत होता, नजर मापाला पक्की होती. त्यांनी यंत्रांची रेखाचित्रं काढायचं शिक्षण धरलं. यांत्रिक आरेखन म्हणजे आजचं मशीन ड्रॉइंग. रंग लागत नाही, रेघ लागते. पुढं मुंबईच्या व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्ये, म्हणजे व्हीजेटीआयमध्ये, ते याच विषयाचे शिक्षक झाले.

मास्तरकीत त्यांनी स्वतःचं शिक्षणही सुरूच ठेवलं. संस्थेत वर्कशॉप होतं, यंत्रं होती. दिवसा शिकवायचं आणि वेळ मिळेल तसं यंत्रांशी झटायचं. परदेशी यांत्रिक मासिकं वाचायची, त्यांतली चित्रं बघून वस्तू कशी केली असेल याचा माग काढायचा. त्यांच्याकडं इंजिनिअरिंगची पदवी कधीच नव्हती.

बेळगावातली सायकल

नोकरी चालू असतानाच धंद्याची पहिली पेरणी झाली, तीही बेळगावात. १८८८ साली किर्लोस्कर बंधूंनी इथं सायकलचं दुकान काढलं. लक्ष्मणराव मुंबईत, रामूअण्णा बेळगावात. मुंबईहून सायकली पाठवायच्या आणि इकडं विकायच्या, अशी वाटणी होती.

आता विचार करा, ज्या गावात लोकांनी सायकल पाहिलेलीच नाही, तिथं ती विकायची कशी? दोन चाकांवर माणूस उभा राहतो यावरच विश्वास बसायचा नाही. रामूअण्णांनी त्यावर काढलेला उपाय आजच्या प्रत्येक स्टार्टअपवाल्यानं लिहून ठेवावा असा आहे. त्यांनी सायकल चालवायला शिकवायचंही काम घेतलं. शिकवणीचे पंधरा रुपये. म्हणजे नवी वस्तू विकायची तर ती वापरणारा माणूसही आपणच तयार करायचा. आणि ते शिकवणं फुकटातलं नाही, त्याचेही पैसे येतात. लक्ष्मणराव मुंबईत पोरांना रेघा मारायला शिकवत होते, त्यांचे अण्णा बेळगावात मोठ्या माणसांना तोल सांभाळायला शिकवत होते.

मुंबईच्या नोकरीला १८९७ मध्ये पूर्णविराम मिळाला. बढतीची वेळ आली तेव्हा लक्ष्मणरावांना डावलून ती जागा एका अँग्लो-इंडियन माणसाला दिली गेली. कामात कमी पडले म्हणून नव्हे. राज्य कुणाचं होतं, हे उघड होतं. त्यांनी राजीनामा दिला आणि बेळगाव गाठलं. घरात बायको राधाबाई, वाढता संसार, ठरलेला पगार गेलेला. आज बी.ई. झालेल्या पोराच्या आईवडिलांना पोरानं नोकरी सोडली म्हटल्यावर जे वाटतं, तेच तेव्हाही वाटलं असणार.

कडबाकुट्टी आधी, नांगर मागाहून

बेळगावात बसल्यावर त्यांनी भोवती बघितलं. गिऱ्हाईक कोण आहे? शेतकरी. त्याची अडचण काय आहे? उन्हाळ्यात जनावराला वैरण पुरत नाही. ज्वारीचा अख्खा कडबा पुढ्यात टाकला तर जनावर पानं खातं, जाड ताट तुडवून टाकतं. तोच कडबा बारीक कापून घातला तर वाया कमी जातो. म्हणून कडबा कापायचं यंत्र करायला घेतलं. फायदा त्याच आठवड्यात डोळ्यांना दिसणारा. पेंढीमागं किती वाचलं ते शेतकरी स्वतः मोजू शकत होता.

नांगराची गोष्ट वेगळी होती. आपला लाकडी नांगर माती चिरतो, उलटी करत नाही. हरळी आणि कुंदा यांची मुळं खोल जातात. वरवर चिरलेल्या रानात ती पुन्हा उठतात. लोखंडी नांगर मातीचा थर उचलून पालथा घालतो. खालची माती वर येते, तणाची मुळं उघडी पडून उन्हात वाळतात. विलायतेत असे नांगर होतेच. लक्ष्मणरावांनी हा शोध लावला असं म्हणणं खरं होणार नाही. त्यांनी केलं ते इतकंच की परदेशी धर्तीचा नांगर आपल्या रानाला, आपल्या बैलांना आणि आपल्या शेतकऱ्याच्या ऐपतीला बसेल असा इथल्या कारखान्यात करून दाखवला. साल होतं १९०३ च्या आसपासचं.

नांगर तयार झाला. आणि विकला जाईना.

लोखंडानं जमिनीला विष चढतं, असा शेतकऱ्यांचा समज होता. पहिला नांगर विकायला दोन वर्षं लागली. दोन वर्षं! आजच्या भाषेत उत्पादन तयार, गुणवत्ता चांगली, गरज खरी, तरी विक्री शून्य. इथंच बहुतेकांचा धंदा संपतो. मग लोकांना कळत नाही, आपल्याकडं नव्या गोष्टीला किंमत नाही, असं म्हणत माणूस परत नोकरी शोधतो.

पण शेतकरी अडाणी म्हणून नांगर घेत नव्हता, हे म्हणणं अर्धवट आहे. कंग्राळीच्या कुठल्याही जुन्या शेतकऱ्याला विचारा. दोन-तीन एकर रान, एक बैलजोडी आणि वर्षाला एक मुख्य पीक. त्यात नवं अवजार घातलं आणि बिघडलं तर आख्खं वर्ष जातं. विकणाऱ्याचं फार तर एक गिऱ्हाईक जातं. ज्याचं नुकसान मोठं, तो जास्त घाबरणार, हा साधा व्यवहार आहे. विष चढतं हे म्हणणं चुकीचं असेल, पण त्यामागची धास्ती खरी होती. दुसऱ्याच्या रानात दोन हंगाम बघितल्याशिवाय कुणी आपल्या रानात नवी वस्तू घालत नाही.

लक्ष्मणरावांना हे उमगलं होतं असंच त्यांच्या वागण्यावरनं दिसतं. त्यांनी शेतकऱ्याला शिव्या दिल्या नाहीत की नांगरही सोडला नाही. एकाच मालावर पोट नव्हतं, म्हणून थांबता आलं. रानात नांगर चालताना दिसला, खालची काळी माती वर आलेली दिसली, पुढच्या हंगामात पीक दिसलं, तसतसा समज आपोआप सैल होत गेला.

ओतीव लोखंडाच्या वस्तूला आणखी एक गोष्ट चिकटलेली असते, ती इंजिनिअरिंगच्या पोरांनी ध्यानात घ्यावी. लाकडी नांगर मोडला तर गावचा सुतार दुरुस्त करतो. साध्या लोखंडाचा फाळ बोथट झाला तर लोहार भट्टीत तापवून ठोकून देतो. ओतीव लोखंड मात्र ठोकलं की तडकतं. म्हणजे फाळ झिजला की नवाच बसवायला पाहिजे, आणि तो अगदी त्याच मापाचा मिळायला पाहिजे. ऐन नांगरटीत फाळ मिळाला नाही तर आख्खा नांगर भंगार. त्यामुळं नांगर विकला की काम संपत नाही, तिथनं ते सुरू होतं. सुटे भाग, मापाचा नेमकेपणा, मालाची एकसारखी प्रत या गोष्टींवर असला धंदा तरतो. मशीन ड्रॉइंग शिकवणाऱ्या मास्तरांची ती रेघ इथं उपयोगी पडली.

बेळगावनं जागा दिली नाही

नांगराला थोडं बरं दिवस येत होते आणि त्याच वेळी दुसराच घाव बसला. बेळगाव शहर वाढत होतं. नगरपालिकेला नव्या वस्तीसाठी जागा हवी होती, आणि किर्लोस्करांचा कारखाना त्या जागेत येत होता. जागा खाली करा, असा हुकूम आला. शहर वाढवायचं तर जागा लागणारच, नगरपालिकेच्या बाजूनं त्यात वावगं काही नव्हतं. पण भट्टी, यंत्रं, कामगार, अर्धवट मालाचे ढीग हे सगळं उचलून न्यायचं कुठं? पैसा होता तो धंद्यात अडकलेला.

लक्ष्मणराव त्या वेळी औंध संस्थानात बांधकामाच्या कामानिमित्त होते. औंधचे राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी स्वतः चित्रकार, सूर्यनमस्काराचे मोठे प्रचारक, कलाकौशल्याची कदर असणारे. १९०९ मध्ये ते गादीवर आले होते. लक्ष्मणरावांची अडचण त्यांच्या कानावर गेली. त्यांनी आपल्या संस्थानात हवी ती जागा पसंत करायला सांगितलं आणि वर दहा हजार रुपये कर्जाऊ दिले.

लक्ष्मणरावांनी पसंत केलेली जागा पाहून लोकांनी कपाळाला हात लावला असेल. कुंडल रोड रेल्वे स्टेशनजवळचा बत्तीस एकर माळ. निवडुंग माजलेला, नाग-सापांचा सुळसुळाट, पाण्याची वानवा. राजेसाहेब हवी ती जागा देत असताना हा माळ कशाला? कारण शेजारनं रेल्वे जात होती. लोखंड आणि कोळसा आणायचा रेल्वेनं, नांगर पाठवायचा रेल्वेनं. जमीन कसायची नव्हती, माल हलवायचा होता. १९१० साली तिथं किर्लोस्करवाडी उभी राहायला लागली. आज ती सांगली जिल्ह्यात आहे, आणि स्टेशनचं नावही किर्लोस्करवाडीच झालं.

बेळगावकरांनी या घटनेकडं नीट बघायला पाहिजे. आपल्या गावातला एक उद्योग जागेअभावी उठून गेला आणि त्यानं दुसऱ्याच्या माळावर गाव वसवलं. त्यानंतर बेळगावनं स्वतःचं नाव कमावलं, हेही खरं. उद्यमबाग, मच्छे, ऑटोनगर इथल्या फाउंड्र्या आणि मशीन शॉपमध्ये कंग्राळीची कितीतरी माणसं आजही पाळीला जातात. पण ते पहिलं झाड आपल्या मातीतनं उपटलं गेलं, ते गेलंच.

कुणाला घेऊन गेले?

किर्लोस्करवाडीला लक्ष्मणराव ज्यांना घेऊन उभे राहिले, त्यांची यादी वाचली तर कुठल्याही कंपनीचा आजचा एचआर विभाग अर्ज बाजूला ठेवेल. शंभोराव जांभेकर, इंजिनिअरिंगचं रीतसर शिक्षण नाही, पण यंत्रं त्यांच्या हाताला वश. के. के. कुलकर्णी, परीक्षेत अपयशी ठरलेले, ते व्यवस्थापनात आणि माणसं सांभाळण्यात पुढं आले. मंगेशराव रेगे हिशेबाला. अनंतराव फळणीकर, शिक्षण अर्धवट सोडलेले, त्यांच्यातनं कल्पक यंत्रज्ञ निघाला. राखणीला तुकाराम आणि पिर्या, ज्यांच्यावर दरोड्याचा शिक्का होता. तीच दोघं वाडीचे भरवशाचे पहारेकरी झाले.

रामूअण्णांनी गावाची आखणी, घरं, रस्ते, पाणी, झाडं हे सगळं अंगावर घेतलं. पुतणे शंकरराव जाहिरात आणि लेखनाकडं वळले. वाडीत शिवाशिव पाळायची नाही, हा लक्ष्मणरावांचा दंडक होता. १९१० च्या दशकात, खेड्यापाड्याच्या मुलखात, ही साधी गोष्ट नव्हती. पण ज्या भट्टीवर सगळ्या जातीचे हात एकत्र लागतात, तिथं पाण्याचा माठ वेगळा ठेवून कारखाना चालत नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

यातला धडा गुणवत्ता नको असा नाही. माणसाची परीक्षा कामावर घ्यायची, कागदावर नाही, असा आहे. स्वतः पदवी नसलेल्या मास्तरानं नापासांची शाळाच काढली, आणि ती कारखाना म्हणून चालवली.

तोफा वितळवून नांगर

पहिल्या महायुद्धात विलायतेहून येणारं लोखंड आटलं. नांगराला मागणी होती, पण ओतायला धातू नाही. तेव्हा किर्लोस्करांनी संस्थानांकडं पडून असलेल्या जुन्या निकामी तोफा विकत घेतल्या आणि वितळवल्या. ज्या तोफांनी कधीकाळी गडाच्या तटावरनं मारा केला, त्यांचे नांगर होऊन रानात गेले. ऐकायला नाटकातला प्रसंग वाटतो, पण तो कच्चा माल मिळवायचा अगदी रोखठोक उपाय होता. जवळपास काय पडून आहे ते बघा आणि त्याचा धातू करा, बस्स.

१९२० साली किर्लोस्कर ब्रदर्स ही मर्यादित कंपनी झाली. घरचा धंदा भागधारकांचा झाला, हिशेब चारचौघांसमोर मांडायची वेळ आली. त्याच वर्षी शंकररावांनी ‘किर्लोस्कर खबर’ सुरू केलं. कारखान्याची आणि मालाची माहिती गिऱ्हाइकांपर्यंत पोचवणारं ते पत्र वाढत वाढत मराठीतलं गाजलेलं ‘किर्लोस्कर’ मासिक झालं. पुढं १९३० मध्ये ‘स्त्री’ आणि १९३४ मध्ये ‘मनोहर’ आलं. आपल्या आज्यांनी ‘स्त्री’ वाचलेलं असतं, पण त्या सगळ्याचं मूळ नांगर विकण्यात होतं, हे लक्षात येत नाही.

शेतमालाचे भाव पडले की नांगराची मागणीही पडते. नुसत्या नांगरावर बसून राहिलं असतं तर किर्लोस्करवाडीही बसली असती. उसाचे लोखंडी चरक आले, भुईमूग फोडायची यंत्रं आली, लोखंडी फर्निचर आलं. १९२० च्या दशकात पाणी उपसायचे पंप आले. गिऱ्हाईक तोच शेतकरी, पण त्याची पुढची गरज. आधी रान नांगरायचं, मग पिकाला पाणी पाजायचं, मग पिकलेलं गाळायचं आणि फोडायचं. एकाच शेतकऱ्याच्या वर्षभराच्या कामावरनं मालाची यादी वाढत गेली.

मुलगा शंतनुराव अमेरिकेत एमआयटीला शिकून १९२६ मध्ये परत आले. बापानं मासिकं वाचून जे शिकलं, ते पोरानं वर्गात बसून शिकलं होतं. पुढं १९४१ मध्ये हरिहरला मशीन टूल्सचा कारखाना निघाला. १९४६ मध्ये पुण्यात ऑइल इंजिनं आणि बेंगळुरूत विजेच्या मोटारी सुरू झाल्या. म्हणजे हे घराणं महाराष्ट्रात जितकं वाढलं, तितकंच आजच्या कर्नाटकातही वाढलं. सीमाभागातल्या माणसाला याचं अप्रूप वाटावं.

लक्ष्मणराव २६ सप्टेंबर १९५६ ला गेले. १९६९ मध्ये, जन्मशताब्दीला, भारत सरकारनं त्यांचं टपाल तिकीट काढलं. किर्लोस्करवाडीत आजही पंप तयार होतात.

कंग्राळीच्या पोरानं यातनं काय घ्यावं?

पहिली गोष्ट, वस्तू नवी असण्यापेक्षा ती जवळच्या माणसाच्या उपयोगाची असणं महत्त्वाचं. लक्ष्मणरावांची एकही सुरुवातीची वस्तू जगात पहिली नव्हती. सायकल दुसऱ्याची, नांगराची धर्त परदेशी. नवं होतं ते इथल्या माणसाला ती बसवून देणं.

दुसरी, गिऱ्हाईक तयार करावं लागतं. रामूअण्णांची सायकलची शिकवणी आठवा. फवारणीचं यंत्र केलंय तर ते कुणाच्या शेतात, कुणाच्या हातात, किती दिवस चालवून दाखवणार? हा प्रश्न प्रोजेक्ट रिपोर्टात नसेल, तर तो रिपोर्ट अर्धा आहे.

तिसरी, थांबायची सोय. दोन वर्षं विक्री नसताना घर कशावर चालणार, याचं उत्तर आधी पाहिजे. लक्ष्मणरावांनी नांगर धरून ठेवला कारण हाताशी दुसरा माल होता. बापाची जमीन विकून सगळे पैसे एका यंत्रात घालणं याला धाडस म्हणत नाहीत.

चौथी, दुरुस्ती आणि सुटे भाग. एपीएमसीत माल घेऊन आलेल्या कुठल्याही शेतकऱ्याला विचारा, त्याच्या घरी बंद पडलेलं एक तरी यंत्र असतं. ते वाईट होतं म्हणून पडलेलं नाही. त्याचा एक लहानसा भाग मिळाला नाही म्हणून पडलं आहे.

आणि पाचवी गोष्ट पोरांची नाही, आपली आहे. लक्ष्मणरावांना औंधच्या राजानं दोन गोष्टी दिल्या, जागा आणि दहा हजार रुपये. सल्ला देणारे तेव्हाही पुष्कळ असतील. आज आपल्याकडं व्हीटीयू आहे, राणी चन्नम्मा विद्यापीठ आहे, इंजिनिअरिंगची कॉलेजं आहेत, उद्यमबागेत ओतकाम आणि टर्निंगची अनुभवी माणसं आहेत, आणि कंग्राळीसारख्या गावांत ज्यांच्यासाठी यंत्र करायचं ते शेतकरी आहेत. सगळे दहा-वीस किलोमीटरच्या आत. कमी आहे ती एखाद्या पोराला सहा महिने वापरायला मिळेल अशा शेडची, बिघाड झाला तर चालवून घेणाऱ्या पहिल्या गिऱ्हाइकाची, आणि फाउंड्रीतल्या एका मुरलेल्या मिस्त्रीच्या वेळेची. ही सोय झाली नाही तर पोरगं पुण्याला किंवा बेंगळुरूला जातं. जाताना कुणाला रागही येत नाही, कारण आपल्याला त्याची सवय झाली आहे. १९१० ला हेच झालं होतं.

लक्ष्मणरावांचा जन्मदिवस २० जूनला येतो. त्या दिवशी भाषण ठेवायचं म्हटलं तर कंग्राळीच्या शिवारात ऐकायला कुणी मिळणार नाही. धूळवाफेची भातं उगवून आलेली असतात, भांगलणीला बाया रानात वाकलेल्या असतात, आभाळाकडं बघत प्रत्येक जण घाईत असतो. पण शेतकऱ्याला नेमकं काय लागतं हे बघायला तोच दिवस चांगला. पोरांना हॉलमध्ये बसवण्यापेक्षा त्या दिवशी मार्कंडेय नदीकडच्या रानात सोडावं. वही-पेन्सिल बरोबर द्यावी. सकाळपासनं भांगलण करणाऱ्या बाईची कंबर दुपारी का धरते, एवढं जरी एखाद्यानं नीट टिपून आणलं, तरी पुढच्या वर्षीचा प्रोजेक्ट कोपऱ्यात गंजत पडणार नाही.